किलिमांजारो ५ दिवसांत की ७? आधी मुक्काम मोजा

प्रश्न थोडक्यात असा आहे. वय ४६, रोजचं धावणं, दोन हाफ मॅरेथॉन झालेल्या, सह्याद्रीतले एका दिवसाचे ट्रेक भरपूर, पण तंबूत आजवर एकही रात्र काढलेली नाही. फेब्रुवारीत टांझानियातलं किलिमांजारो, आफ्रिकेतलं सर्वांत उंच शिखर, करायचं घाटतंय आणि हातात दोन कोटेशन्स आहेत. एक मारांगू मार्गाचं, ५ दिवसांचं, मुक्काम लाकडी हटमध्ये. दुसरं माचामे मार्गाचं, ७ दिवसांचं, सगळे मुक्काम तंबूत, आणि ६०० डॉलरनी महाग. विचारणं असं, की फिटनेस चांगला असताना हे ६०० डॉलर कशापायी घालवायचे? शिवाय गाईड सक्तीचाच आहे का, आपल्या वेगाने वर जाऊन येता नाही का येणार?

ताई, माझं मत आधीच सांगून टाकते: ७ दिवसांचा घ्या. पण तुमच्या परिस्थितीप्रमाणे ते बदलू शकतं, म्हणून त्यामागचं कारण नीट वाचा. मी गेली १२ वर्षं तिथे गट घेऊन जाते. या काळात अर्ध्यातून खाली पाठवावी लागलेली माणसं आठवली, तर त्यांत गुडघे धरून चालणारे किंवा वजन जास्त असलेले थोडेच दिसतात. जास्त दिसतात ते तुमच्यासारखे, पहिले दोन दिवस सगळ्यांच्या पुढे असणारे.

फिटनेस पायांना लागतो आणि तो तुमच्याकडे आहे. उंचीशी जुळवून घ्यायचं काम मात्र फुप्फुसं आणि मूत्रपिंडं करतात, आणि ती तुमचं हाफ मॅरेथॉनचं टायमिंग विचारत नाहीत. होतं काय, ते सांगते. ५,८९५ मीटरवर, म्हणजे उहुरू शिखरावर, समुद्रसपाटीच्या जेमतेम निम्मा ऑक्सिजन दर श्वासाला मिळतो. शरीर त्यावर पहिला उपाय करतं तो जास्त आणि खोल श्वास घेण्याचा. पण श्वास वाढला की कार्बन डायऑक्साइडही जास्त बाहेर जातो, रक्त अल्कधर्मी होतं आणि मेंदूतलं श्वासाचं केंद्र सांगू लागतं, पुरे, आता हळू घे. म्हणजे एक पाय अ‍ॅक्सिलरेटरवर आणि दुसरा ब्रेकवर. हा ब्रेक सुटतो तो मूत्रपिंडांनी बायकार्बोनेट लघवीवाटे बाहेर टाकल्यावर, आणि त्या कामाला दिवस लागतात. तांबड्या पेशी वाढतात वगैरे आपण वाचतो, त्याला तर आठवडे लागतात; एका आठवड्याच्या ट्रेकमध्ये त्याच्या भरवशावर राहता येत नाही. फिट माणसाची पंचाईत एवढीच, की पायांत ताकद असल्यामुळे तो शरीराची तयारी होण्याआधीच वर जाऊन पोचतो.

यात रात्रीचा वाटा मोठा. झोपेत श्वास आपोआप मंदावतो, रक्तातला ऑक्सिजन दिवसापेक्षा खाली जातो. म्हणून उंचीचा हिशोब दिवसा कुठवर चढलात यावर करत नाहीत, रात्री कुठे झोपलात यावर करतात. गिर्यारोहणाच्या वैद्यकातला नेहमीचा आडाखा असा: ३,००० मीटरच्या वर गेलात की झोपायची उंची रोज ५०० मीटरपेक्षा जास्त वाढवू नका, आणि तीन-चार दिवसांनी एक मुक्काम त्याच उंचीवर काढा.

आता तुमची दोन कोटेशन्स या आडाख्याशेजारी ठेवून बघा. मारांगूवर पहिली रात्र मांदारा हटमध्ये, २,७२० मीटरवर. दुसरी होरोम्बोला, ३,७२० वर. तिसरी किबो हटला, ४,७२० च्या आसपास. पायऱ्या पाडल्यासारखे दर दिवशी सरळ हजार मीटर. आणि किबो हटमधली ती रात्रही पुरी नसते, कारण मध्यरात्रीच शिखरासाठी उठवतात. गेटवरून निघाल्यापासून तीन दिवस भरायच्या आत तुम्ही शिखरावर असायला हवं, असा तो बेत आहे.

माचामेवर पहिला मुक्काम २,८५० च्या आसपास, दुसरा शिरा कॅम्पला ३,८४० वर. ही उडीही मोठीच आहे, आडाख्यात बसत नाही, हे लपवण्यात अर्थ नाही. पण गंमत तिसऱ्या दिवशी आहे. त्या दिवशी लाव्हा टॉवरपर्यंत, ४,६०० मीटरवर चढवतात, तिथे जेवण करायला लावतात आणि परत खाली बारांकोला, ३,९६० ला झोपायला नेतात. लाव्हा टॉवरला बहुतेकांचं डोकं ठणकतं, जेवण उतरत नाही, चेहरे उतरतात. दोन तासांनी बारांकोच्या उतारावर, त्या माणसाएवढ्या उंच सेनेसिओच्या झाडांमध्ये पोचेपर्यंत तीच माणसं पुन्हा बडबड करायला लागतात. चौथा मुक्काम कारांगाला, ४,००० च्या आसपास, म्हणजे उंची जवळपास तीच. पाचवा बराफूला, ४,६७० वर, तोही अर्धाच.

शिखराआधी ३,५०० च्या वरचे मुक्काम मोजा. मारांगूच्या ५ दिवसांत दीड मुक्काम पडतो. माचामेच्या ७ दिवसांत साडेतीन. तुमचे ६०० डॉलर या दोन रात्रींचे आहेत. त्यात तंबूचा थाट नाही, की वाटेतली दृश्यं नाहीत.

पैशांचं बोललोच आहोत तर तेही मोकळं करते, कारण स्वस्त कोटेशनच्या पोटात काय दडलेलं असतं ते इथेच कळतं. माझ्या शेवटच्या खेपेला किलिमांजारो नॅशनल पार्कचे दर असे होते: माणशी दर दिवसाला ७० डॉलर, तंबूच्या प्रत्येक रात्रीला ५०, हटच्या रात्रीला ६०, रेस्क्यूचे एकदाच २०, आणि सगळ्यावर १८ टक्के व्हॅट. ७ दिवस आणि ६ रात्री तंबूत म्हणजे ८१० डॉलर, व्हॅटसकट ९५६. ५ दिवस आणि ४ रात्री हटमध्ये म्हणजे ६१०, व्हॅटसकट ७२०. म्हणजे तुमच्या ६०० पैकी २३६ डॉलर सरळ पार्कात जमा होतात. बाकीच्यात दोन जादा दिवसांची गाईड-पोर्टरची मजुरी, खाणं, गॅस, तंबू. मला हा फरक वाजवी वाटतो. उद्या कुणी ७ दिवसांचं माचामे १,२०० डॉलरमध्ये देऊ केलं, तर पार्कचे ९५६ वजा करा आणि उरलेल्या पैशांत पोर्टर, स्वयंपाकी, गाईड, गाडी आणि सात दिवसांचं जेवण कसं बसतं ते त्यांनाच विचारा. बसत नाही. ते पोर्टरच्या पगारातून किंवा जेवणातून निघतं.

हे मी पुस्तकात वाचून सांगत नाही. सुरुवातीच्या एका खेपेला मीही स्वस्त पाहून एका एजन्सीकडे गट दिला होता. तिसऱ्या रात्री लघवीला उठले तर जेवणाच्या तंबूत नऊ पोर्टर एकमेकांना चिकटून जमिनीवर झोपलेले, अंगावर दोन-तीन ब्लँकेटं आणि खाली आमच्याच खुर्च्यांची कापडं. बाहेर गवतावर दहिवर गोठलेलं. दुसऱ्या दिवशी तेच लोक आमच्या बॅगा डोक्यावर घेऊन आमच्या पुढून गेले आणि जाताना हसून 'जांबो' म्हणाले. तेव्हापासून कोटेशन मागताना माझा पहिला प्रश्न पोर्टर कशात झोपतात, हा असतो. किलिमांजारो पोर्टर्स असिस्टन्स प्रोजेक्ट नावाची संस्था पोर्टरना मजुरी, जेवण आणि झोपायची सोय नीट मिळते का यावर लक्ष ठेवते, आणि नियम पाळणाऱ्या कंपन्यांना भागीदार म्हणून नोंदवते. तुमच्या दोन्ही कंपन्या त्या यादीत आहेत का ते बघा. पोर्टरच्या ओझ्याला २० किलोची मर्यादा आहे. तेव्हा तुमची डफल बॅग १२ किलोच्या आत ठेवलीत तर कुणीतरी मनातून दुवा देईल. टिप वेगळी द्यायची असते. मी माझ्या गटाला माणशी २५० ते ३०० डॉलर सुट्या नोटांत बाजूला ठेवायला सांगते.

गाईडचं. हो, सक्तीचा आहे. परवानाधारक गाईडशिवाय पार्कात चढाई करता येत नाही, प्रत्येक कॅम्पवर रेंजरच्या खोपटात रजिस्टरमध्ये सही करावी लागते. पण नियम नसता तरी मी घ्या म्हटलं असतं, आणि वाट चुकेल म्हणून नाही. वाट चुकण्यासारखी नाहीच. फेब्रुवारीत तर पुढच्या माणसाच्या टाचेवर नजर ठेवून चालावं लागतं. गाईड लागतो तो तुम्हाला परत फिरवायला.

एक प्रसंग सांगते. आमच्यात एक गृहस्थ होते, पूर्ण मॅरेथॉन धावणारे, आठवडाभर सगळ्यांत ताजेतवाने. बराफूवरून मध्यरात्री निघालो. साधारण ५,३०० मीटरवर आमचा मुख्य गाईड माझ्याजवळ आला आणि हळूच म्हणाला, त्यांच्या काठ्यांकडे बघ. मी हेडटॉर्च वळवली. काठ्या जमिनीला टेकत होत्या, पण पावलांशी त्यांचा मेळ नव्हता. गाईडने त्यांना थांबवलं, जरा सपाटीवर आणलं आणि टाचेला चवडा लावत दहा पावलं सरळ चालायला सांगितलं. चौथ्या पावलाला ते बाजूला गेले. "दगड आला पायाखाली," म्हणाले. दगड नव्हता. मग मी मराठीत विचारलं, मुलगी कितवीत आहे हो? ते माझ्याकडे बघून हसले आणि म्हणाले, "चाललंय तिचं." गाईडने पुढे एक शब्द बोलला नाही. सहाय्यक गाईडला खूण केली, त्यांची सॅक काढून त्याच्या खांद्यावर दिली आणि दोघांना उतरायला लावलं.

मला त्या क्षणी काय वाटलं होतं ते प्रामाणिकपणे सांगते. अजून अर्धा तास बघू, आलाय माणूस इतक्या लांब, इतके पैसे भरून, असं वाटलं होतं. निर्णय माझ्या हातात असता तर मी तो अर्धा तास दिला असता. तोल जाणं आणि साध्या प्रश्नाचं उत्तर न येणं ही मेंदूला सूज यायला लागल्याची खूण असते आणि त्यात अर्धा तास द्यायचा नसतो. ते गृहस्थ हजारभर मीटर खाली आल्यावर संध्याकाळपर्यंत सूप पिऊन माझ्यावर चिडण्याइतके ठणठणीत झाले होते. चिडू दे.

म्हणून कंपनीला विचारताना 'समिट सक्सेस किती टक्के' हे विचारू नका, तो आकडा कुणीही काहीही सांगतं. विचारा की शिखराच्या रात्री किती जणांमागे एक गाईड असतो (दोघा-तिघांमागे एक हवा, कारण एकाला खाली नेलं तरी बाकीच्यांना पुढे जाता यायला पाहिजे), रोज संध्याकाळी ऑक्सिमीटर लावतात का, ऑक्सिजनचा सिलिंडर सोबत असतो का, आणि मला खाली पाठवायचा अंतिम निर्णय कुणाचा. शेवटच्या प्रश्नाला 'तुमचाच, मॅडम' असं गोड उत्तर मिळालं, तर दुसरी कंपनी बघा.

वेगाचंही याच्याशी जोडलेलं आहे. तिथे दिवसातून शंभरदा 'पोले पोले' ऐकाल. स्वाहिलीत त्याचा अर्थ आपलं 'हळू हळू'. माझ्या गटातल्या एका काकूंनी पहिल्या दिवशी ते 'पोळी पोळी' ऐकलं आणि जेवण आलं समजून थांबल्या, तेव्हापासून आमच्यात तेच रूढ झालं. तुमच्यासारख्या धावणाऱ्या बाईला हा वेग पहिल्या दोन दिवशी अक्षरशः अपमानास्पद वाटेल. एक सोपी कसोटी देते: चालताना नाकाने श्वास घेता आला पाहिजे आणि शेजारच्याशी पूर्ण वाक्य बोलता आलं पाहिजे. धाप लागली की वेग जास्त आहे, मग पुढचा कितीही पुढे जावो.

आता तंबू. तुमच्या प्रश्नात ही भीती एका ओळीत उरकलेली आहे, पण खरी अडचण तीच असावी असा मला वास येतोय, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

किलिमांजारो विषुववृत्ताच्या ३ अंश दक्षिणेला आहे, त्यामुळे वर्षभर रात्र १२ तासांची. पावणेसातला सूर्य बुडतो आणि पाच मिनिटांत थंडी अंगावर येते. साडेसातला जेवण, साडेआठला तुम्ही स्लीपिंग बॅगमध्ये. उजाडेपर्यंत दहा तास. इतकी झोप कुणालाच येत नाही आणि आली नाही म्हणून घाबरायचंही नाही. पहिल्या रात्री जाग येईल ती शेजारणीच्या श्वासामुळे: चार-पाच मोठे श्वास, मग एकदम शांतता, दहा-पंधरा सेकंद काहीच नाही, आणि मग दचकल्यासारखा मोठा श्वास. हे उंचीवर नेहमीचं आहे, ते वर सांगितलेलं ब्रेक-अ‍ॅक्सिलरेटरचं भांडण झोपेत चालू असतं. तुमचंही तसंच होत असणार, फक्त तुम्हाला ऐकू येणार नाही. उंचीच्या त्रासाचं मोजमाप करायची जी लेक लुईस पद्धत आहे, तिच्यातून २०१८ साली झोप न लागणं हे लक्षण काढूनच टाकलं.

रात्री दोनदा तरी लघवीला उठाल. त्याला शिव्या देऊ नका, मूत्रपिंडं कामाला लागल्याची ती पावती आहे. पण स्लीपिंग बॅगची चेन, जॅकेट, बूट, हेडटॉर्च, आतल्या तंबूची चेन, बाहेरच्या तंबूची चेन एवढं सगळं करून बाहेर पडायला दहा मिनिटं जातात आणि परत आलात की पाय तासभर गरम होत नाहीत. यावर उपाय रुंद तोंडाची बाटली, बायकांसाठी सोबत एक फनेल. हे घरी बाथरूममध्ये चार वेळा करून बघा. लाजेची गोष्ट वाटते, पण बाटलीच्या लाजेने संध्याकाळी पाणी पिणं बंद केलेल्या बायका मी पाहिल्यात आणि दुसऱ्या दिवशी त्यांचंच डोकं फुटायला आलेलं असतं. बाटलीवर जाड टेप गुंडाळा, म्हणजे अंधारात हाताला कळेल की ही पाण्याची नव्हे.

स्लीपिंग बॅग घेताना 'कम्फर्ट' तापमान बघा. 'लिमिट' किंवा 'एक्स्ट्रीम' हा आकडा धरू नका. कम्फर्ट उणे १० तरी हवं. भाड्याने मिळते, पण आदल्या संध्याकाळी हॉटेलवर आत झोपून, चेन वर-खाली करून बघा. झोपताना स्वयंपाक्याकडून बाटलीत गरम पाणी घ्या, 'माजी मोटो' म्हटलं की देतात. ती मोज्यात घालून पायाशी ठेवा. पहाटे तेच पाणी कोमट असतं, तेच प्यायचं. फोन, पॉवर बँक, हेडटॉर्चचे सेल आणि कॉन्टॅक्ट लेन्स असतील तर त्याही बॅगेच्या आत, अंगाशी. सकाळी तंबूच्या आतल्या कापडावर तुमच्याच श्वासाचं पांढरं बर्फ धरलेलं असेल. उठताना डोकं लागलं की ते मानेवर पडतं. सवय होते. तिसऱ्या दिवसापर्यंत होते.

तरीही तंबू नकोच असेल तर? मग मारांगूच घ्या, पण ६ दिवसांचा. जादा दिवशी होरोम्बोलाच थांबवून मावेन्झी या शेजारच्या शिखराच्या बाजूला ४,००० मीटरच्या वर फिरवून आणतात आणि परत तिथेच झोपवतात. मुक्काम दीडाचे अडीच होतात. माचामेपेक्षा कमी, पण ५ दिवसांपेक्षा कितीतरी शहाणपणाचं. उलट रजा आणि पैसे दोन्ही असतील तर ८ दिवसांचा लेमोशो मार्ग त्याहून चांगला, पश्चिमेकडून सावकाश चढतो. आधी कधी ४,००० च्या वर झोपून आला असाल आणि त्रास झाला नसेल, तर तेही तुमच्या बाजूचं; पण त्या सवयीचा फायदा काही आठवड्यांत विरतो, गेल्या वर्षीची पुण्याई या वर्षी चालत नाही. वय ४६ ही अडचण नाही. रक्तदाब, दमा, हृदयाचं काही असेल तर डॉक्टरांना उंचीचा आकडा सांगून विचारा, नुसतं 'ट्रेकला जातेय' म्हणून नाही. विमा घेतानाही ६,००० मीटरपर्यंतचं ट्रेकिंग आणि बचावकार्य त्यात धरलंय का हे लेखी घ्या.

डायमॉक्स, म्हणजे उंचीच्या त्रासावरची गोळी, घेऊ का, हेही विचारलंय. प्रतिबंधासाठी नेहमीचा डोस १२५ मिलिग्रॅम दिवसातून दोनदा, चढाईच्या आदल्या दिवसापासून. ते नेमकं त्या ब्रेकवरच काम करतं: बायकार्बोनेट लवकर बाहेर टाकायला लावतं. ते डोकेदुखी झाकून ठेवतं, हा लोकांचा गैरसमज आहे. बोटांना, ओठांना मुंग्या येतात, लघवी वाढते, सोड्याची चव मचूळ लागते. सल्फा औषधांची अ‍ॅलर्जी असेल तर डॉक्टरांशी बोलल्याशिवाय हात लावू नका, आणि कुणीही असा, घरी दोन दिवस घेऊन बघा. माचामे ७ दिवसांला मी घेणं-न घेणं माणसावर सोडते. ५ दिवसांच्या मारांगूला कुणी विचारलंच तर घ्या म्हणते, यातच माझं त्या बेताबद्दलचं मत आलं. झोपेच्या गोळ्या आणि दारू मात्र वर नकोच.

डोकेदुखी एकटी असेल आणि पाणी, विश्रांती, पॅरासिटामॉलने जात असेल तर चालतं. तिच्या जोडीला मळमळ, चक्कर किंवा विलक्षण थकवा आला तर त्या दिवशी आणखी वर जायचं नाही. तोल जाणं, असंबद्ध बोलणं, बसल्या जागी धाप, ओला खोकला यांतलं काहीही दिसलं तर रात्र असो की पाऊस, खाली. आपल्याकडे दुखणं अंगावर काढायला धैर्य समजतात. गाईडने सकाळी 'कसं वाटतंय' विचारलं की दहापैकी आठ जण 'फर्स्ट क्लास' म्हणतात. खरं सांगा. तो शिक्षा करायला विचारत नाही.

शिखराच्या रात्रीबद्दल फार लिहीत नाही, ती ज्याची त्याची असते. दोन-तीन गोष्टी मात्र माहीत असू द्या. बराफू म्हणजे स्वाहिलीत बर्फ, पण तिथे प्यायला पाण्याचा थेंब नाही. ज्वालामुखीची सच्छिद्र जमीन, पाणी टिकत नाही. तुमच्या मध्यरात्रीच्या चहाचं पाणी पोर्टरनी कारांगाच्या ओढ्यातून डोक्यावरून आणलेलं असतं, तेव्हा तोंड धुवायला तांब्याभर मागू नका. वर सगळा घसारा आहे, राख आणि बारीक खडी. रात्री गोठलेला असतो म्हणून पाय ठरतो, हे मध्यरात्री निघण्याचं एक कारण. सॅकमधली पाण्याची नळी तासाभरात गोठते, म्हणून बाटल्या, त्याही उलट्या ठेवून. बर्फ वरून धरतं, म्हणजे उलट्या बाटलीचं तोंड मोकळं राहतं. स्टेला पॉइंटला, ५,७५६ वर, विवराच्या काठावर पोचलात की उजाडत असतं आणि लोकांना वाटतं संपलं. अजून पाऊण तास आहे. किबो, म्हणजे तुम्ही चढता तो ज्वालामुखी, झोपलेला आहे, विझलेला नाही, विवरात आत अजून गंधकाची वाफ निघते. काठावरून ते दिसत नाही, तेव्हा त्या आशेने रेंगाळू नका.

आणि खरी परीक्षा नंतर आहे. त्याच दिवशी ५,८९५ वरून म्वेका कॅम्पला, ३,१०० च्या आसपास उतरायचं असतं. अठ्ठावीसशे मीटर उतार, रात्रभर न झोपता. धावण्याच्या सरावाने हा उतार झेपतो असं समजू नका. आतापासून आठवड्यातून दोनदा सॅकमध्ये ८ किलो घालून उंच इमारतीचे जिने उतरायचा सराव करा, चढायला हवं तर लिफ्ट घ्या. घरून निघायच्या चार दिवस आधी पायाच्या अंगठ्यांची नखं कापा, नाहीतर म्वेकाला ती काळीनिळी होऊन पोचतील.

महिना फेब्रुवारी ठीक आहे. नोव्हेंबरचा छोटा पाऊस संपलेला असतो आणि मार्चच्या मध्यापासूनचा मोठा यायचा असतो. पौर्णिमेच्या आसपास गर्दी जास्त आणि उजेडही जास्त, दोन्ही तुम्हीच तोला.

पैसे भरायच्या आधी एक करा. कुठेही, गच्चीवर चालेल, एक रात्र तंबूत झोपा. भाड्याची बॅग, हेडटॉर्च, ती बाटली, सगळं घेऊन. आणि रात्री ११ चा गजर लावून, जाड हातमोजे घालून, अंधारात आतून चेन उघडून पंधरा मिनिटांत सगळे कपडे चढवून बाहेर उभ्या राहता येतं का बघा. बराफूला त्याच वेळी, तेवढ्याच मिनिटांत, हेच करायचं असतं.